तलावाकाठच्या ढिवर वस्तीचा इतिहास लिहायचाय: तलाव कोणाचा आणि मासे कोणाचे?

अर्जुनीचा_जावई

नमस्कार मंडळी. मी मूळचा सातारकडचा, नोकरी पुण्यात आणि सासुरवाडी गोंदिया जिल्ह्यात, अर्जुनी मोरगाव तालुक्यात. गाव छोटंसं, मागे जंगल, पुढे तलाव, तलावाच्या पाळीला (मातीच्या बांधाला) लागून ढिवर मोहल्ला, म्हणजे मासेमारी करणाऱ्यांची वस्ती, आणि जंगलाच्या बाजूला गोंड टोली. गावातली पोरं ग्रामसभेसाठी गावाचा इतिहास लिहून काढतायत, सामूहिक वनहक्काच्या दाव्याला जोडायचा आहे म्हणे, आणि जावई पुण्यात कॉम्प्युटरवर बसतो म्हणून लिखाणाचं काम माझ्या गळ्यात पडलंय.

आता अडचण अशी की ज्याला विचारावं तो एकच गोष्ट सांगतो, तलाव कोहळी जातीच्या लोकांनी बांधला, गोंड राजाचा काळ होता, संपलं. पुढचं थेट मच्छीमार सोसायटी आणि तिने तलावात सोडलेले रोहू-कटला मासे. मधली दोन-अडीचशे वर्षं ढिवर लोक काय करत होते, मासे कोणाच्या मालकीचे होते, कोणाला काय द्यावं लागायचं हे कोणी धड सांगत नाही. आणि म्हाताऱ्या बायका सांगतात की पूर्वी तलावात कितीतरी जातीचे मासे होते, आता जाळ्यात तेच ते तीन-चार येतात, ते का झालं? शिवाय ढिवरांना आदिवासी म्हणायचं का नाही यावरून पोरांमध्येच दोन तट पडलेत. कागद कुठे मिळतील, कोणाला यातलं माहिती आहे का? विकिपीडिया सांगू नका प्लीज, वाचून झालाय.

बोडीकाठचा

जवाईबापू, चांगलं काम हाती घेतलं. मी तिकडचाच, आता नागपुरात राहून राहिलो.

तलाव कोहळ्यांनी बांधले हे खरंच आहे, त्यात खोटं काही नाही. चांद्याचे आणि देवगडचे गोंड राजे, त्यांच्या राज्यात जो जंगल तोडून गाव वसवील आणि तलाव बांधील त्याला त्या पाण्याखालची जमीन, अशी रीत सांगतात, आणि कोहळी लोक या कामात पटाईत. नवेगाव बांध तर तुम्ही पाहिलाच असेल, अठराव्या शतकाच्या सुरुवातीला कोलू पाटील कोहळीनं बांधला असं सगळे मानतात आणि त्याचा तिथं देव झाला, कोलासूर म्हणून, सात बहिणी डोंगरांच्या मधे काठावर त्याचं ठाणं आहे. पूर्व विदर्भात, म्हणजे भंडारा गोंदिया चंद्रपूर गडचिरोली आणि नागपूरचा थोडा भाग धरून, असे साडेसहा हजारांच्या वर माजी मालगुजारी, म्हणजे पूर्वी गावच्या मालगुजाराकडे असलेले, तलाव आहेत, सरकारी भाषेत मामा तलाव. उगाच नाही भंडाऱ्याला तलावांचा जिल्हा म्हणत (गोंदिया 1999 ला वेगळा झाला, त्याच्या आधी सगळं भंडाराच).

पण मले नेहमी एक गोष्ट खटकते. पाळीवर माती कोणी टाकली? कोहळी पाटलानं जागा पाहिली, उतार ओळखला, पाळ कुठून कुठं न्यायची, सलंग कुठं काढायचा, तुडूम कुठं बसवायचा हे त्याचं डोकं, मान्य. ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी, सलंग म्हणजे जास्तीचं पाणी निघून जायची वाट आणि तुडूम म्हणजे पाणी सोडायची दगडी मोरी, तिला वरखाली भोकं असतात आणि एकेक गुडदी काढत पाणी सोडत यायचं. पण डोक्यावर टोपले वाहणारे हात गोंडांचे, ढिवरांचे, महारांचे, गावातल्या सगळ्यांचे असतील न. ते कुठंच लिहिलेलं नाही. इतिहास लिहून राहिले तर हे पहिल्या पानावर टाका.

टुकार_मी

जावयाला कामाला लावणारी सासुरवाडी बघून डोळे भरून आले 😂 आमच्याकडे फक्त गॅस सिलेंडर बदलायला लावतात.

बाय द वे, तिकडच्या झिंग्यांची भाजी खाल्लीये एकदा, सुकवलेले, वांग्यात. धागा वाचतोय.

नकाशेबाज

मालकीचा भाग मी सांगतो, कारण बाकी सगळे पाळीवरच अडकतात.

गोंडांच्या आणि नंतर भोसल्यांच्या काळात पाटील किंवा मालगुजार हा गावाचा मालक नव्हता, वसूल गोळा करणारा होता. 1854 ला नागपूरचं राज्य इंग्रजांनी खालसा केलं, 1861 ला मध्य प्रांत झाला, आणि त्यानंतर 1860 च्या दशकात जो बंदोबस्त झाला त्यात या मालगुजारांना गावाचे मालक करून टाकलं. मालक म्हणजे कशाचे, तर पडीक, झुडपी जंगल, तलाव, झाडं, सगळ्याचे. जे पाणी तोवर गावाचं आणि बांधणाऱ्याचं असं दोन्ही होतं ते कागदावर एका माणसाचं झालं. गावकऱ्यांना काय उरलं तर निस्तार, म्हणजे सरपण, गुरांचं पाणी, चराई, घराला माती, वगैरे वापराचे हक्क, आणि ते वाजिब-उल-अर्ज नावाच्या कागदात लिहून ठेवले गेले. गावागणिक वेगळे. तुमच्या गावाच्या वाजिब-उल-अर्जमध्ये माशांबद्दल ओळ आहे का ते बघणं हे तुमचं पहिलं काम, कारण कुठे मासे मालगुजाराचे म्हणून लिहिलेत, कुठे गावचा रिवाज लिहिलाय, कुठे काहीच नाही.

सिंचनाचं पाणी ज्याचं शेत खाली त्याचं, पाटकरी ते वाटून द्यायचा आणि त्याला धान मिळायचं, ही व्यवस्था पक्की होती. माशांची व्यवस्था तशी कागदावर पक्की नव्हती, ती मालगुजाराच्या मर्जीवर आणि ढिवरांच्या सेवेवर चालायची. ढिवर-भोई हे पालखी वाहणारे, पाणी भरणारे, नावाडी, त्यामुळे 'तू माझं अमुक काम कर, तलावात जाळं टाक, मोठा मासा वाड्यावर आणून दे' असा तो हिशेब. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी 1916 मध्ये मध्य प्रांतातल्या जातीजमातींची जी जाडजूड नोंद केली त्यात धीमर-कहार-भोई एकाच ठिकाणी घेतलेत, मासेमारी, शिंगाडे, चणे-फुटाणे भाजणं, टसर रेशमाचे किडे पाळणं हे सगळे धंदे तिथे येतात. इंग्रज अधिकाऱ्याच्या चष्म्यातून लिहिलंय हे लक्षात ठेवून वाचायचं, काही वाक्यं तर डोकं फिरवणारी आहेत.

मग 1950 चा मालकी हक्क रद्द करणारा मध्य प्रदेशचा कायदा, अंमल 31 मार्च 1951 पासून. तलाव सरकारजमा. (मालकाच्या स्वतःच्या वहितीतल्या बोड्या, म्हणजे लहान तळी, वगैरे बऱ्याच त्यांच्याकडेच राहिल्या, म्हणून आजही एखादी बोडी खाजगी आणि शेजारचा तलाव सरकारी असं दिसतं.) 1956 ला हा भाग मुंबई राज्यात, 1960 ला महाराष्ट्रात, 1962 ला जिल्हा परिषदा आल्या आणि शंभर हेक्टरपर्यंत सिंचन करणारे तलाव त्यांच्याकडे गेले. म्हणजे दहा-बारा वर्षांत तलावाचे तीन-चार मालक बदलले आणि पाळ दुरुस्त करायची जबाबदारी मात्र कोणाचीच राहिली नाही, कारण गावाला वाटायला लागलं आता सरकारचं आहे सरकार बघेल.

सोसायटीवाला

वरचं सगळं वाचलं. मी स्वतः ढिवर समाजाचा, आमच्या मच्छीमार सहकारी संस्थेचं काम वडिलांनी केलं आता मी करतो, म्हणून थोडं स्पष्ट बोलतो, राग नसावा.

मालगुजारी काळाबद्दल शहरातले लोक लई गोड बोलतात, गाव एकत्र होतं, पाण्याचं नियोजन होतं, पाटकरी होता. अहो आमच्या आज्याला वाड्यावर पाणी भरायला जावं लागत होतं तेव्हा तलावात उतरायला मिळत होतं. वेठबिगार होती ती. चांगला मासा सापडला तर तो घरी नाही न्यायचा. सोसायट्या आल्या, साठच्या दशकापासून एकेका गावात झाल्या, तेव्हा पहिल्यांदा आमच्या माणसाच्या नावानं तलावाचा ठेका आला, सही त्याची, पावती त्याच्या नावाची. तेव्हा रोहू-कटला आला म्हणून आमच्या पोरांच्या शाळेच्या फिया भरल्या गेल्या हे पण लिहा तुमच्या इतिहासात. दोन किलोचा कटला तोलला की पैसे दिसतात, पावभर बारीक मासे निवडत बसलं की दुपार जाते.

आता त्रास नाही असं नाही. बोटुकली (बोटाएवढी माशाची पिल्लं) दरवर्षी विकत घ्या, ठेक्याची रक्कम भरा, राखण ठेवा, आणि उन्हाळी धानाला पाणी सोडलं की एप्रिलमध्ये तलाव आटतो नि मासा अर्धवट वाढलेला काढावा लागतो. पाण्यावर पहिला हक्क शेतकऱ्याचा, आमचा काय, उरलेल्या पाण्यातल्या माशाचा. आणि तो नागपूरला न्यावा तर आंध्राचा बर्फातला मासा ट्रकनं येऊन पडलेला असतो, भाव तो ठरवतो.

अर्जुनीचा_जावई

वा, हे भारी आहे सगळं. सोसायटीवाला दादा, राग कसला, हेच कोणी सांगत नव्हतं. वाड्यावर पाणी भरायची गोष्ट माझ्या आजेसासूबाई पण सांगतात पण पोरं म्हणतात हे कशाला लिहायचं. मी लिहिणार.

पण तो माशांच्या जातींचा प्रश्न राहिलाच, रोहू-कटला आल्यामुळे बाकीचे गेले असं आहे का? दोन्ही राहू शकत नाहीत का?

जंगलवाट

यावर मी बऱ्यापैकी बोलू शकते, मत्स्यशास्त्रातच शिक्षण झालंय आणि त्या भागात काम केलंय.

आधी हे समजून घ्या की रोहू, कटला, मृगळ हे वाहत्या पुराच्या पाण्यात अंडी घालणारे मासे, साचलेल्या तलावात ते वाढतात पण वीण होत नाही. त्यामुळे त्यांचं बीज बाहेरून आणावंच लागतं. सुरुवातीला ते बंगालमधून, हावड्याहून डब्यात भरून रेल्वेने देशभर जायचं, नद्यांमधून गोळा केलेलं. 1957 मध्ये कटकला हिरालाल चौधरींनी माशाला पिट्यूटरी ग्रंथीचं इंजेक्शन देऊन वीण करवून दाखवली (वरच्या रायबहादूर हिरालालांशी गल्लत नको), मग बीज केंद्रांमध्ये तयार व्हायला लागलं आणि सोसायट्यांना जिरे (अगदी बारीक पिल्लं), बोटुकली मिळणं सोपं झालं. म्हणजे सोसायटी आणि कार्प मासा (रोहू, कटला, मृगळ हे सगळे कार्पच) हे एकत्रच मोठे झाले. पण यातली मेख अशी की जो मासा तलावात स्वतःहून विणत नाही तो दरवर्षी पैसे मागतो. बियाण्याचे पैसे, त्यासाठी कर्ज, कर्जासाठी व्यापारी, आणि व्यापाऱ्याने उचल दिली की मासा त्यालाच, त्याच्या भावाने.

स्थानिक मासे, मरळ, शिंगी, मांगूर, वाम, शिवडा, असंख्य बारीक मासे आणि झिंगे, यांना कोणी बीज टाकत नव्हतं. मरळ, शिंगी, मांगूर तर हवेतूनही श्वास घेतात, तलाव आटला तरी चिखलात तग धरतात. पहिल्या पुराला मासे सलंगावरून, पाटातून वर धानाच्या बांधीत चढतात आणि तिथल्या उथळ कोमट पाण्यात विणतात. मरळीचं तर बघण्यासारखं असतं, काठच्या गवतात नर-मादी जागा साफ करून अंडी घालतात, पिल्लं निघाली की लालसर ठिपक्यांचा एक घोळका पाण्याच्या वरच्या थरात एकदम वळतो, एकदम बुडतो, आणि त्याच्या खाली दोन्ही मोठे मासे राखणीला. ढिवर म्हातारे तो घोळका दुरून ओळखतात. ज्या जाळेवाल्याला अक्कल नाही तोच तिथे जाळं टाकतो, असं मला एका आजोबांनी सुनावलं होतं, मी टाकलंही नव्हतं!

मग काय झालं, तर कार्पचं बीज टाकायच्या आधी तलाव 'साफ' करा असा सल्ला. बारीक मासे खाद्य खातात, मरळ-शिवडा बीज खातात, म्हणून ते सगळे 'अनावश्यक मासे'. ते मारायला पुस्तकात मोहाची पेंड सांगितलेली असते, मीटरभर पाणी धरून हेक्टरी दोन-अडीच टन. मोठ्या तलावात एवढी पेंड कोण टाकतंय, पण बोड्यांमध्ये झालं ते. त्यानंतर गवत्या म्हणजे ग्रास कार्प आला, तो पाणवनस्पती फस्त करतो, आणि बाकीच्या माशांची अंडी चिकटायची ती याच वनस्पतींना. सायप्रिनस, म्हणजे कॉमन कार्प, तळ उकरतो, पाणी गढूळ, खाली उजेड पोचत नाही, वनस्पती आणखी कमी. वर काठाला बेशरम नावाचं झुडूप पसरलं, त्याच्यात बाकी काही उगवत नाही. शिवाय धानाची फवारणी आणि खत सगळं उतरून तलावातच. आणि हल्ली गाळ काढायला जेसीबी लावून काठापासून सगळीकडून सरसकट खोल करतात, गाळमुक्त धरण योजना वगैरे, गाळ काढायला हरकत नाही हो पण उथळ काठ संपला की वीण संपली. उथळ भागातच सगळा जीव असतो, देवधान (आपोआप उगवणारं धान) असतं, सारसाचं घरटंही तिथेच.

म्हणजे उत्तर असं की दोन्ही राहू शकतात, पण आपोआप नाही. तुमच्याच तालुक्यात भंडारा निसर्ग व संस्कृती अभ्यास मंडळाने ढिवर लोकांबरोबर बरंच काम केलंय. उन्हाळ्यात पाणी मागे सरकलं की उघड्या पडलेल्या काठावरची बेशरम मुळासकट काढायची, तिथे नांगरून ठेवायचं, आणि पावसाच्या तोंडावर दुसऱ्या चांगल्या तलावातून आणलेल्या पाणवनस्पती लावायच्या. कोणती वनस्पती किती खोलीला हे शास्त्रज्ञांनी नाही, म्हाताऱ्या लोकांनी सांगितलं, कोणत्या माशाला कोणतं गवत लागतं हेही त्यांनीच. यात बायकांचा वाटा मोठा आहे. सोसायटीचे सभासद बहुतेक पुरुष, मोठ्या जाळ्याचा मासा पुरुषांचा, पण बारीक मासे, झिंगे, पाटातले, बांधीतले, हे बायका पकडायच्या आणि बाजारात त्याच विकायच्या. बारीक मासा गेला तेव्हा बायकांच्या हातातला पैसा गेला, हे सोसायटीच्या कोणत्याच रजिस्टरमध्ये दिसणार नाही.

सोसायटीवाला

मॅडम बरोबर बोलल्या, बायकांचं तर शंभर टक्के खरं आहे, माझी माय डोक्यावर टोपलं घेऊन चार गावं फिरायची. पण गवत्या आम्ही हौसेनं नाही टाकला, तलाव वनस्पतीनं गच्च भरला की जाळं ओढता येत नाही हो, आणि योजनेत तेच बीज मिळत होतं. आता आम्ही गवत्या बंद केला. मरळीला आज बाजारात रोहूपेक्षा कितीतरी जास्त भाव आहे, ते पाहून तरुण पोरं पण आता ऐकून राहिली.

पाटीलकी_नको

मी कोहळी आहे. वरती सगळं चांगलं लिहिलं आहे पण मालगुजार म्हणजे सगळे कोहळी आणि सगळे जुलमी असा सूर नको. कितीतरी मालगुजार बाहेरचे, सावकारीतून गाव घेतलेले, त्यांना तलावाचं काही घेणंदेणं नव्हतं. आणि आमच्या म्हाताऱ्यांनी दरवर्षी उन्हाळ्यात घरटी एक माणूस देऊन पाळ बांधली म्हणूनच तो तलाव इतकी शतकं टिकला. हेही लिहा. भांडायला आलो नाही, नोंद असावी म्हणून.

बोडीकाठचा

@पाटीलकी_नको भाऊ, तुमचं पण बरोबर हाय. घरटी एक माणूसमध्ये ढिवर पण असायचे, एवढंच.

जवाईबापू, आणखी एक. तुम्ही मासे मासे करून राहिले, पण तलाव म्हणजे फक्त मासे नाही. आमच्याकडं ढिवर लोकं शिंगाडे लावायचे, डोंग्यातून वेल सारत जायचे आणि दसरा-दिवाळीकडे शिंगाडे काढायचे, उकडून बाजारात. कमळाचे ढेस काढून सुकवायचे, भाजी होते. देवधान म्हणजे आपोआप उगवणारं धान, ते झोडून घ्यायचे, उपासाला चालतं. तलाव आटला की गाळाची माती शेतात, कुंभाराची माती पण तिथूनच. आणि पावसाळ्यानंतर टसर, रानात येनाच्या (ऐनाच्या) झाडावर किडे सोडायचे आणि पाखरं हाकलत दिवसभर राखण करायची, कोसा तयार झाला की विकायचा. भंडाऱ्याचं कोशाचं कापड नाव काढून आहे पण किडा कोणी राखला ते कोणी विचारत नाही. म्हणजे वर्षाचे बारा महिने असे तलाव आणि जंगल मिळून भागायचे. मधातला एक तुकडा काढला तर बाकी हलतं. गणेशोत्सवात आमच्या मित्रांना हे सांगत होतो तर म्हणे तू फारच इमोशनल होतो बे.

टुकार_मी

शिंगाड्याचं पीठ नाशिकच्या दुकानातून आणतो मी उपासाला, ते कुठल्या तलावातून येतं हा विचार आयुष्यात पहिल्यांदा केला.

अर्जुनीचा_जावई

आज सकाळी आजेसासूबाईंना फोनवर हे सगळं वाचून दाखवलं. त्यांनी एकदम तलावाचे भाग नावानिशी सांगायला सुरुवात केली, कुठे कोणता मासा लागतो, कोणत्या झाडाखाली डोंगा बांधायचे, कोणता कोपरा कोणाच्या घराचा धरला जायचा. म्हणजे तलावाच्या आत पण वाटण्या होत्या! रेकॉर्ड केलंय, पण माझ्या मेव्हण्याच्या म्हणण्यानुसार असल्या तोंडी गोष्टींना दाव्यात किंमत नाही, सरकारी कागदच लागतो. आणि तो आदिवासी असण्या-नसण्याचा मुद्दा?

नकाशेबाज

मेव्हण्यांना सांगा, किंमत आहे. वनहक्क कायद्याच्या नियमांमध्ये पुराव्यांची जी यादी आहे त्यात दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्यांचे जबाब, लेखी उतरवलेले, हे स्पष्ट धरलेले आहेत. गॅझेटियर, जनगणना, बंदोबस्ताचे अहवाल आणि नकाशे, निस्तार हक्काचे कागद हेही आहेत. एकापेक्षा जास्त पुरावे जोडायचे एवढंच. म्हणजे आजींचं ते तलावाचं वर्णन गावातल्या दोन-तीन म्हाताऱ्यांकडून पडताळून, लिहून, अंगठा-सही घेऊन, वर हातानं काढलेला तलावाचा नकाशा जोडा, कोपऱ्यांच्या नावांसकट. फक्त आजी ज्या हक्काच्या दावेदार आहेत त्यात त्यांचाच जबाब पुरावा म्हणून अडवला जाऊ शकतो, म्हणून शेजारच्या गावातल्या, त्याच तलावावर येणाऱ्या म्हाताऱ्यांचेही जबाब घ्या.

आणि त्या कायद्याच्या कलम 3 मध्ये सामूहिक हक्कांत पाणवठ्यातले मासे आणि इतर उत्पादन असं थेट लिहिलेलं आहे, हे बऱ्याच गावांना माहीतच नसतं, सगळे तेंदू-बांबूवरच भांडतात. तलाव वनजमिनीत आहे का, की महसुली, हे मात्र आधी सातबारा आणि नकाशावर नीट बघून घ्या, कारण तुमच्या भागात अर्धं पाणी इकडे आणि बुडीताचा भाग वनात असं फार आहे.

आदिवासी म्हणायचं का, तर कागदावर गोंड अनुसूचित जमातीत, ढिवर महाराष्ट्रात भोई गटाखाली भटक्या जमाती ब मध्ये. हा फरक तुम्ही-आम्ही चर्चा करून बदलत नाही. दाव्यासाठी ढिवर 'इतर पारंपरिक वननिवासी' ठरतात आणि त्यांना 13 डिसेंबर 2005 च्या आधी तीन पिढ्या, म्हणजे 75 वर्षं, तिथे राहून वनावर अवलंबून असल्याचं दाखवावं लागतं, गोंडांना ती 75 वर्षांची अट नाही. पोरांनी दोन तट पाडण्यापेक्षा ग्रामसभेचा एकच सामूहिक दावा करावा, गोंड टोलीचा जंगलावरचा वापर आणि ढिवर मोहल्ल्याचा पाण्यावरचा वापर दोन्ही एकाच अर्जात. 75 वर्षं मागे गेलं की 1930 येतं, म्हणून जुना बंदोबस्त महत्त्वाचा. 1908 चं भंडारा जिल्ह्याचं जुनं गॅझेटियर ऑनलाइन स्कॅन मिळतं, त्यात तलाव आणि कोहळ्यांवर मजकूर आहे, तुमच्या गावाचं नाव असेलच असं नाही पण परिसराचं चित्र मिळतं.

जंगलवाट

आजींच्या रेकॉर्डिंगमध्ये माशांची नावं आली असतील ती जशीच्या तशी लिहा, प्रमाण मराठीत 'सुधारू' नका. आणि प्रत्येक नावापुढे तो मासा कोणत्या महिन्यात, कुठे, कशाने पकडायचे ते लिहा, गळ की फेकजाळं की कामट्यांचा सापळा. नाव चुकलं तरी त्या तपशिलावरून मासा ओळखता येतो. जमलं तर पुढच्या पावसाळ्याच्या सुरुवातीला बाजारात ज्या बायका बारीक मासे घेऊन बसतात त्यांच्याकडचे वाटे स्केलपट्टी ठेवून फोटो काढा, मी ओळखून देईन.

सोसायटीवाला

संस्थेचे जुने ठराव, ठेक्याच्या पावत्या पण मागा. आमच्याकडे साठच्या दशकातल्या आहेत, उंदरानं खाल्लेल्या, पण आहेत. त्यात सभासदांची नावं असतात, त्यावरून कोणतं घराणं कधीपासून तलावात आहे ते समजते. सध्याच्या सचिवाला आधी चहा पाजा, दप्तर कोणाला दाखवायचं म्हटलं की आमचे लोक घाबरतात, वाटते ऑडिट आलं.

अर्जुनीचा_जावई

चहा काय जेवण देतो 😄 दिवाळीत जाणार आहे तेव्हा सुरुवात करतो. वाजिब-उल-अर्ज आणि निस्तार पत्रकाची नक्कल नेमकी कुठे मागायची, तहसीलला की जिल्ह्याला?

नकाशेबाज

आधी तहसीलच्या अभिलेख कक्षात विचारा, तिथे नसेल तर जिल्ह्याच्या. गोंदिया जिल्हा नंतर झाला त्यामुळे जुनं दप्तर भंडाऱ्याला असायची शक्यता धरून चला आणि एका फेरीत दोन्हीकडे जा. नकलेच्या अर्जात मौजा, पटवारी हलका नंबर, जुना बंदोबस्त नंबर, तालुका साकोली की अर्जुनी हे सगळं टाका, आधी बराच भाग साकोली तहसिलीत होता. नुसतं गावाचं नाव टाकलं तर त्याच नावाची दोन-तीन गावं निघतात, एखादी रिठी (ओसाड पडलेलं गाव) पण निघते, आणि बाबू शांतपणे चुकीची फाईल हातात ठेवतो. नक्कल हातात पडली की काउंटरवरच शिक्का आणि पानांची संख्या बघून घ्या. उर्दूमिश्रित मोडी किंवा जुनी हिंदी असेल तर इथे फोटो टाका, वाचून देणारे आहेत दोघंतिघं.